किमयागारांच्या श्रेणीत नवीन माणूस घ्यायचा तर त्याची परीक्षा काय घ्यावी? (गेमसाठी मदत हवीय)

शाईची_दौत

नमस्कार मंडळी. आमचा पाच जणांचा ग्रुप आहे, दर शनिवारी संध्याकाळी टेबलाभोवती बसून रोल-प्ले गेम खेळतो, सगळा मराठीतून. गोष्ट मी सांगते, बाकी चौघं आपापलं पात्र चालवतात, अडलं की फासे टाकायचे. दोन वर्षं झाली, एकही शनिवार शक्यतो चुकवत नाही आम्ही.

आमच्या गोष्टीतलं राज्य काल्पनिक आहे, घाटमाथ्यावरचं, जुन्या व्यापारी वाटेवरचं. तिथे किमयागारांची एक श्रेणी आहे, रसश्रेणी म्हणतात तिला. यांना खरी किमया येते, म्हणजे धातू बदलतात, जखमा भरतात, वेळप्रसंगी माणसाचं वय थांबवतात. माझी भाची (वय १६) रेवा नावाचं पात्र चालवते, कासाराची मुलगी, आणि गेले तीन महिने तिचं एकच चाललंय की मला श्रेणीत जायचंय. आता तो दिवस आलाय आणि मी अडकलेय.

मी पहिल्यांदा जे लिहिलं ते असं की तीन खोल्या, एकीत आग, एकीत विष, एकीत आरसा आणि कोडं. भावाला बसवून एकदा खेळून बघितलं तर तो म्हणाला की ही कुठल्याही जादूगारांची परीक्षा झाली, यात किमया कुठंय? आणि त्याचं बरोबर आहे. आगीतून चालून दाखवलं म्हणून माणूस चांगला रसायनी कसा ठरेल. शिवाय सगळं फाशांवरच, १५ च्या वर पडलं की पास.

मला हवंय असं: एका बैठकीत संपेल (आम्ही साधारण तीन तास खेळतो), बाकीची तीन पात्रं नुसती बघत बसणार नाहीत, नापास होता येईल पण त्यात रेवा मरणार नाही, आणि टोकदार टोपीवाले म्हातारे नकोत, आपल्या मातीतलं काहीतरी हवं. असल्या लोकांना नवीन माणसात नक्की काय बघायचं असेल? कोणाला खऱ्या रसशास्त्रातलं, सोनारकामातलं, काहीही माहीत असेल तर प्लीज सांगा. भाचीने फार वाट बघितलीय, तिला स्वस्तातलं काही द्यायचं नाहीये मला.

खलबत्ता

ताई, मी वैद्य आहे, रसशास्त्रातच, म्हणजे पारा-धातूंपासून औषधं करायच्या आयुर्वेदाच्या शाखेत, एमडी केलंय, त्यामुळे तुमचा प्रश्न वाचून राहवलं नाही, लांबलचक लिहितोय ते चालवून घ्या.

तुम्हाला हवी ती परीक्षा अर्धी आधीच लिहून ठेवलेली आहे. रसरत्नसमुच्चय नावाचा ग्रंथ आहे, साधारण तेराव्या शतकातला मानतात, त्याचा सहावा अध्याय 'शिष्योपनयन' म्हणजे शिष्याला विद्येत घेण्याचाच आहे. गुरू कसा हवा, शिष्य कसा हवा, मग दीक्षा. त्यात रसलिंग म्हणजे पाऱ्याचं शिवलिंग करायला सांगितलंय: तीन निष्क (जुनं वजन) सोन्याचा पत्रा, नऊ निष्क पारा, आंबट रसात एक याम खलायचं. एक याम म्हणजे तीन तास! तुमची बैठक बरोब्बर तेवढीच आहे. हे मी वाचलं तेव्हा अंगावर काटा आला माझ्या.

लगेच पुढच्या सातव्या अध्यायात रसशाळेचा नकाशाच दिलाय, तो तुम्ही जसाच्या तसा वापरा. पूर्वेला रसभैरव हा देव, आग्नेयेला भट्ट्या, दक्षिणेला दगडाची कामं, नैर्ऋत्येला हत्यारांची, पश्चिमेला धुणं-गाळणं, वायव्येला वाळवणं, उत्तरेला वेधकर्म म्हणजे प्रत्यक्ष धातू पालटायचं काम, आणि ईशान्येला तयार झालेल्या वस्तू. रेवाला या दिशांनी फिरवा, खोल्या आपोआप तयार झाल्या.

आता माणसात काय बघायचं? माझ्या अनुभवाने सांगतो, धीर. आमच्या बॅचला पहिल्यांदा कज्जली करायला दिली होती, पारा आणि गंधक खलात घोटायचे. थोड्या वेळात पिवळं जाऊन करडं होतं, मग काळं होतं आणि आपल्याला वाटतं झालं. झालेलं नसतं. चिमूटभर घेऊन पाण्याच्या थेंबात घोळवून उन्हात धरायची, एक जरी चमचमता ठिपका दिसला तरी अजून पारा सुटा आहे. त्या ठिपक्याला चंद्र म्हणतात, आणि चंद्र संपला की कज्जली निश्चंद्र. सगळं काळं व्हायला जेवढा वेळ लागतो त्याच्या कितीतरी पट वेळ तो शेवटचा चंद्र घालवायला लागतो, खांदे भरून येतात, आणि तिथेच माणूस कळतो. माझ्या शेजारच्याने ढगाळ वेळ बघून 'निश्चंद्र' म्हणून दाखवली होती. सरांनी काही न बोलता ती खिडकीत ठेवली आणि ऊन यायची वाट बघितली.

भस्माच्या, म्हणजे जाळून राख केलेल्या धातूच्या, परीक्षा तर खेळासाठीच केल्यासारख्या आहेत. रेखापूर्ण म्हणजे अंगठा आणि तर्जनीत चोळलं की बोटांच्या रेषांत जाऊन बसलं पाहिजे. वारितर म्हणजे स्थिर पाण्यावर तरंगलं पाहिजे. अपुनर्भव म्हणजे गूळ, गुंजा, टाकणखार (बोरॅक्स), मध आणि तूप घालून पुन्हा तापवलं तरी त्यातून धातू परत उभा राहता कामा नये. 'पुन्हा जन्म नाही' असं नाव आहे परीक्षेचं, अजून काय हवं गोष्टीला.

आणि एक शब्द देतो, स्वांगशीत. गजपुटाचा, म्हणजे भस्म भाजायचा, खड्डा गोवऱ्यांनी पेटवला की तो आपला आपण गार होईपर्यंत उघडायचा नाही. पाणी मारायचं नाही, राख उपसायची नाही. माझ्यामते रेवाची खरी परीक्षा त्या खड्ड्याशेजारी बसण्यात आहे.

बाराबंदी

वरचं भारीच आहे. मुलांना खरा पारा आणून दाखवला तर? जुन्या थर्मामीटरमधला मिळेल की.

खलबत्ता

नको, अजिबात नको. घरात पारा उघडा ठेवायचा नाही, त्याची वाफ दिसत नाही, वास येत नाही आणि ती फुफ्फुसातून थेट आत जाते. फरशीच्या फटीत गेलेला थेंब महिनोन्‌महिने त्रास देतो. आम्ही करतो ते वेगळ्या जागेत, जाळीच्या पंख्याखाली, मास्क-ग्लव्हज घालून. आणि कोणीही यातलं काहीही घरी करून पोटात घेऊ नये, हे हात जोडून सांगतो.

टेबलावर हाताळायला हवंच असेल तर दोन वाट्या ठेवा, एकीत टाल्कम पावडर, एकीत रांगोळी. दोन्ही पांढऱ्या. चोळली की टाल्कम रेषांत बसते आणि पाण्यावर चिमूट सोडली तर तरंगते, रांगोळी खरखरते आणि तळाला जाते. खेळणाऱ्याला डोळे मिटून ओळखायला लावा. तिथे फासा लागत नाही.

पाऱ्याचं फक्त वर्णन करा. शुद्ध पारा ताटलीत ओतला की गोल मोत्यांसारखा पळतो, शिसं-कथिल मिसळलेलं असेल तर मागे शेपटी सोडत जातो. ग्रंथात याला नागदोष, वंगदोष म्हणतात. श्रेणीने मुद्दाम असा भेसळीचा पारा दिला आणि रेवाच्या लक्षात आलं नाही, तर पुढचं सगळं वाया.

विट्याकडचा

मी जास्त लिहित नाही कधी पण हा विषय आमच्या घरातला आहे म्हणून लिहितोय. आम्ही खानापूर तालुक्यातले, गलाईवाले. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, विटा, खानापूर, आटपाडी या भागातली आमची माणसं पिढ्यान्‌पिढ्या देशभर सोनं-चांदी गाळायच्या कामाला आहेत, केरळात जा, तामिळनाडूत जा, यूपीत जा, सराफकट्ट्याच्या बोळात गलाईचं दुकान दिसलं की आत बहुतेक मराठीच बोलतात. माझे वडील दहावी झाली की तिकडं गेले, मी पण सुट्टीत जायचो.

ताई तुम्ही विचारलं माणसात काय बघायचं, तर आमच्याकडं पहिल्या दिवशी कोण सोनं हातात देत नाही. पहिलं झाडू देतात. सोनाराच्या दुकानातला कचरा पण वाया जात नाही, त्यात सोन्याचा कीस असतो. झाडलेलं गोळा करून जाळून धुवून गाळून त्यातनं सोनं काढायचं.

आमच्या वडिलांना त्यांच्या अण्णांनी (मालक, लांबचे चुलते) जी परीक्षा घेतलेली ती सांगतो. अण्णा कागदावर वजन लिहून कीस द्यायचे, हा गाळून ठेव म्हणायचे आणि जेवायला जायचे. गाळल्यावर थोडी घट येतेच, ती सगळ्यांना माहीत आहे. अण्णांनी त्या दिवशी लिहिलेल्या वजनापेक्षा जास्त कीस दिलेला. म्हणजे गाळून झाल्यावर लगड म्हणजे ओतलेली सोन्याची कांडी कागदापेक्षा जड. कमी भरलं तर पोरगं घाबरून लगेच सांगतंच. जास्त भरलं की सांगतंय का, हे बघायचं होतं. वडील म्हणतात मी तीनदा काटा तपासला, मला वाटलं काटाच चुकलाय, मग अण्णा हात पुसत आल्यावर सांगितलं की कागदापेक्षा ज्यादा आलंय. अण्णा एवढंच म्हणाले, जेवून घे जा. दुसऱ्या दिवशीपासून झाडू दुसऱ्याकडं गेला.

आणि दुसरी गोष्ट, सोनं शुद्ध करताना ते सोन्यासारखं दिसत नाही हे गेममध्ये नक्की टाका. भेसळीच्या सोन्यात आधी चांदी वाढवतात, एक भाग सोन्याला साधारण तीन भाग चांदी, मग पातळ पत्रा किंवा दाणे करून तेजाबात म्हणजे नायट्रिकमध्ये उकळतात. तांबूस धूर निघतो, तो छातीत गेला तर माणूस कामातनं जातो. चांदी, तांबं सगळं विरघळून पाणी होतं आणि तळाला तपकिरी गाळ उरतो. चिखलासारखा. तेच शुद्ध सोनं! नवख्याला वाटतं काम बिघडलं. तो गाळ धुवून मुशीत (धातू वितळवायच्या भांड्यात) टाकणखार टाकून वितळवला की मग पिवळा रंग उजळतो. वडील सांगतात एका नव्या पोरानं तो गाळ मोरीत ओतलेला, मग अख्खी मोरी फोडली.

रेवाला तो चिखल द्या आणि काही सांगू नका.

शाईची_दौत

विट्याकडचा दादा, तुमची पोस्ट वाचून मी गप्पच बसले थोडा वेळ. 'जास्त भरलं की सांगतंय का' हे मी शंभर वर्षं विचार करून सुचलं नसतं. वडिलांना माझा नमस्कार सांगा, हे वापरू का म्हणून विचारा त्यांना.

खलबत्ता, दिशांचा नकाशा काढायला घेतलाय, टाल्कम-रांगोळी पण पक्की.

पण बाकीचे तिघं अजून रिकामेच आहेत. एक जण रेवाचा मानलेला भाऊ आहे, भाडोत्री शिपाई, त्याला मुळात श्रेणीचा राग आहे कारण रेवा आत गेली की ती आपल्याबरोबर फिरणार नाही हे त्याला कळतंय. त्यांना काय देऊ?

मुक्काम_पोस्ट

त्यांच्यासाठी माझ्याकडे एक गोष्ट आहे, आणि ती जवळजवळ हजार वर्षं जुनी आहे. अल्-बिरुनी या विद्वानाने इ.स. १०३० च्या सुमाराला हिंदुस्थानावर जो ग्रंथ लिहिला त्यात किमयेवर एक प्रकरण आहे. त्याचा स्वतःचा या विद्येवर काडीचा विश्वास नव्हता, पण ऐकलेल्या गोष्टी त्याने नीट लिहून ठेवल्या.

माळव्यात धारमध्ये, भोज राजाच्या राजवाड्याच्या दारात चांदीचा एक लांबट ठोकळा पडलेला आहे आणि त्यात माणसाच्या अवयवांचा आकार दिसतो, असं तो लिहितो. लोक कारण असं सांगायचे की पूर्वी एका राजाकडे एक रसायनी आला, म्हणाला मी तुला अमर करतो, अजिंक्य करतो. माणूस मावेल एवढी कढई तापवली, राजाला म्हणाला उडी घे. राजा भ्यायला. मग तो म्हणाला, ठीक आहे, मी उतरतो, तू माझ्यासाठी करशील का? त्याने औषधांच्या पुड्या राजाच्या हातात दिल्या आणि सांगितलं की अशी अशी खूण दिसली की ही पुडी टाक, मग ही, मग ही. आणि तो उतरला, विरघळला, लगदा झाला. राजा सांगितल्याप्रमाणे एकेक पुडी टाकत गेला. शेवटची एक राहिली आणि राजाचा हात थांबला, हा माणूस अमर आणि अजिंक्य होऊन बाहेर आला तर माझ्या राज्याचं काय? त्याने ती टाकलीच नाही. कढई गार झाली, आत चांदीचा गोळा.

आता बघा. रेवा कढईत, पुड्या बाकीच्या तिघांच्या हातात, आणि शेवटची पुडी त्या शिपायाकडे. ती टाकली की रेवा श्रेणीची झाली, त्याची राहिली नाही.

त्याच प्रकरणात उज्जैनच्या व्याडी नावाच्या रसायनीची गोष्ट आहे, ती पण वापरता येईल. कृतीत रक्तामल असा शब्द होता, तो समजला तांबडा आवळा, म्हणून औषध लागूच पडेना. खरं हवं होतं तेल आणि माणसाचं रक्त. एकदा काम करताना डोक्याला धग लागली म्हणून भरपूर तेल थापलं, उठला तर छताची खुंटी डोक्यात बसली, आणि रक्ताचा आणि तेलाचा थेंब मिळून कढईत पडला. झालं औषध. एका शब्दाच्या दोन अर्थांवर सगळं आयुष्य अडलेलं होतं त्याचं. रेवाला कृतीची पोथी द्याल तेव्हा असा एक शब्द पेरून ठेवा.

गोदाकाठ

मला थोडं वेगळं वाटतं, रागावू नका कोणी. कढई, उडी, हे सगळं नाट्यमय आहे पण श्रेणी म्हणजे काय हे त्यात हरवतंय. श्रेणी ही जादूगारांची टोळी नव्हती, ती विश्वासाची संस्था होती. आमच्या नाशिकच्या पांडवलेण्यात १० नंबरच्या लेण्यात उषवदाताचा लेख आहे, इसवी सनाच्या दुसऱ्या शतकातला. त्याने भिक्षूंसाठी ३००० कार्षापण (तेव्हाची नाणी) कायमचे ठेवले, आणि ठेवले कुठे, तर गोवर्धनच्या विणकरांच्या श्रेण्यांकडे. २००० एका श्रेणीकडे महिना शेकडा एक व्याजाने, १००० दुसरीकडे महिना शेकडा पाऊण व्याजाने. मुद्दल मोडायचं नाही, व्याजातून भिक्षूंना वस्त्रं वगैरे. म्हणजे विचार करा, राजाचा जावई विणकरांकडे पैसे ठेवतोय आणि दगडात कोरून ठेवतोय, कारण ही श्रेणी आपल्यामागे टिकणार, शब्द पाळणार याची त्याला खात्री आहे.

अशा संस्थेत नवीन माणूस घेताना ते अमुक येतं का तमुक येतं का हे बघणार नाहीत, ते वर्षानुवर्षं काम करून शिकता येतं. ते बघणार की हा माणूस आमचं नाव बुडवेल का. म्हणून मला विट्याकडच्या दादांची परीक्षा सगळ्यात खरी वाटते आणि कढई सगळ्यात खोटी. शिवाय शेवटच्या पुडीत परीक्षा दुसऱ्याचीच होतेय, रेवाची नाही. पोरीने तीन महिने वाट बघायची आणि निकाल दुसऱ्याच्या हातात? मला ते अन्यायाचं वाटतं.

मुक्काम_पोस्ट

गोदाकाठ, तुमचा लेखाचा मुद्दा शंभर टक्के मान्य. पण शेवटच्या पुडीबद्दल नाही. भट्टीचं काम एकट्याने होतंच नाही, कोणीतरी भाता मारतो, कोणीतरी खूण बघतो. रेवा शेवटची पुडी कोणाच्या हातात देते हा तिचाच निर्णय असू द्या की. श्रेणी एवढंच सांगेल की तुझी माणसं तू निवड. मग परीक्षा तिचीच आहे, तिला माणसं ओळखता येतात का याची.

खलबत्ता

आणि यात रसार्णव या जुन्या रसग्रंथातलं एक सूत्र फिट्ट बसतं. तिथे शिव पार्वतीला सांगतो की पारा जसा लोहात तसाच देहात काम करतो, पण आधी लोहावर परीक्षा घ्यावी, मग देहावर योजावा. म्हणजे आधी धातू, मग माणूस. चिखलाचं सोनं आणि जास्तीचं वजन हा लोहाचा भाग, कढई हा देहाचा. पहिल्यात जो खोटा पडला त्याला दुसऱ्यापर्यंत कोणी नेतच नाही. गोदाकाठ, तुमचं म्हणणंही यात आलं, नाव बुडवणारा माणूस कढईपर्यंत पोचणारच नाही.

थेम्सकाठची

उशिरा येतेय, वेळेचा फरक. इथे लंडनमध्ये सोनारांच्या गिल्डची एक चाचणी १२८२ पासून नोंदलेली आहे, ट्रायल ऑफ द पिक्स म्हणतात, अजून दर वर्षी होते. टांकसाळीतली नाणी वर्षभर एका पेटीत बाजूला काढून ठेवतात आणि मग गिल्डचे लोक पंच म्हणून बसतात आणि वजन, कस तपासतात. इथे परीक्षा उमेदवाराची नाही, परीक्षा टांकसाळीची, म्हणजे सत्तेची. मला वाटलं रेवालाही एक संधी द्या, श्रेणीच्या स्वतःच्या पेटीतली एक मुद्रा तिला कसोटीवर घासू द्या. कासाराची मुलगी आहे, पितळ तिला डोळे मिटून कळेल. ती मुद्रा खोटी निघाली तर ती काय करते?

शाईची_दौत

थेम्सकाठची, हे मी आता वापरत नाही, पण जपून ठेवते, रेवा आत गेल्यावर वर्षभराने हे बाहेर काढीन. फार मोठं आहे ते, त्यावर अख्खी पुढची गोष्ट उभी राहील.

गोदाकाठ, तुमच्यामुळे एक बदल केला. परीक्षा सुरू होण्याआधी श्रेणीच्या दारात एक शिलालेख ठेवलाय, कोणीतरी कुठल्यातरी राजाने ठेवलेली ठेव, अजून व्याज जातंय. रेवाला तो वाचून दाखवावा लागेल, मोठ्याने.

बाकी असं ठरलं: पश्चिमेच्या धुण्याच्या जागेतून सुरुवात, तपकिरी चिखल, कोणी काही सांगणार नाही. मग वजन, कागदापेक्षा जास्त. मग दोन वाट्या, डोळे मिटून. तिथवर खरी निघाली तर रात्री उत्तरेला कढई. पुड्या सात, मी खऱ्याच करणार आहे, वहीच्या कागदाच्या, आत हळद, कुंकू, भस्म असं काय काय. वाटायच्या रेवानेच. शनिवारी खेळतोय, सांगते नंतर.

शाईची_दौत

झालं काल. रात्री साडेअकराला उठलो, आईने दोनदा जेवायला हाक मारली तरी कोणी हललं नाही. सगळं लिहिते.

चिखलाशी भाची अडली. तिने वाटी हुंगली, बोट घातलं, आणि ओतायला निघाली होती, खरंच, हात उचलला होता. मग थांबली आणि म्हणाली, 'आमच्या घरी भांडं घासायच्या आधी काळंच असतं.' मुशीत घाल म्हणाली. मी नुसतं 'पिवळं होतंय' म्हटलं तर तिघांनी टाळ्या वाजवल्या.

वजनाला मात्र ती गप्प राहिली. मी सांगितलं की काटा कागदापेक्षा एक गुंज जास्त दाखवतोय, तिने मान डोलावली आणि पुढे गेली. माझ्या पोटात गोळा आला, कारण नियमाप्रमाणे ती इथेच संपली होती. मी काही बोलले नाही, पुढच्या खोलीचं वर्णन सुरू केलं. दोन वाट्या झाल्या, टाल्कम बरोबर ओळखली, आणि मग मध्येच म्हणाली, 'मावशी, मला परत मागे जायचंय.' परत गेली आणि वृद्ध रसायनीला सांगितलं की मघाशी जास्त भरलं होतं, मी बोलले नाही कारण मला वाटलं माझंच काहीतरी चुकलंय आणि चूक कळली तर तुम्ही काढाल. हे ती रेवा म्हणून बोलली की स्वतः म्हणून, मला कळलं नाही. मी रसायनीच्या तोंडी 'जेवून घे जा' घातलं. विट्याकडचा दादा, बाबांना सांगा.

मग कढई. पुड्या वाटताना तिने पहिल्या सहा दोघांना तीन-तीन दिल्या, आणि सातवी शिपायाला. मी विचारलं, का? म्हणाली, त्यालाच द्यायला हवी, तो नाही म्हणाला तर मला आधी कळलेलं बरं.

सहा पुड्या पडल्या, खुणेप्रमाणे, एकही चुकली नाही. सातव्या पुडीची खूण मी सांगितली, कढईवर निळा तवंग येतो. शिपाई चालवणारा मुलगा १७ वर्षांचा आहे, एरवी सगळ्यात जास्त बडबडा. तो पुडी मुठीत धरून बसला. दोन मिनिटं, तीन मिनिटं. कोणी त्याला काही म्हणालं नाही. मग त्याने मला विचारलं, 'आत्ताच टाकली पाहिजे का?'

माझ्याकडे याचं उत्तर नव्हतं. मला खलबत्तांचा शब्द आठवला आणि मी म्हटलं, भट्टी विझलीय, कढई स्वांगशीत व्हायला सकाळ होईल, तोवर टाकता येईल.

तो म्हणाला, मग सकाळपर्यंत मी इथे बसतो. तिथेच थांबलो. रेवा अजून कढईत आहे.

विट्याकडचा

बाबांना वाचून दाखवलं. त्यांनी चष्मा काढून पुसला आणि परत वाच म्हणाले. वापरू का विचारलेलं तर हो म्हणालेत. त्या पोरानं पुडी टाकली का विचारतायत.

शाईची_दौत

अजून नाही. टेबल आवरताना सहा पुड्यांचे कागद मिळाले, सातवी नव्हती. तो खिशात घालून घरी घेऊन गेलाय. पुढचा शनिवार परवा आहे.